रस्त्याच्या रुंदीआधीचा प्रश्न

१९६५ साली मुंबईत वाहतुकीच्या संदर्भात दोन गोष्टी घडल्या. एप्रिलमध्ये केम्प्स कॉर्नरचा उड्डाणपूल खुला झाला. देशातला पहिला उड्डाणपूल म्हणून तो ओळखला जातो. त्याच वर्षी ‘मार्ग’ या नियतकालिकात चार्ल्स कोरिया, प्रवीणा मेहता आणि शिरीष पटेल या तिघांनी एक आराखडा मांडला. बंदराच्या पलीकडे, मुख्य भूमीवर, मुंबईच्या तोडीचे दुसरे शहर उभारावे आणि सरकारी कचेऱ्यांसह रोजगार तिकडे न्यावा, असे त्यांचे म्हणणे होते. केम्प्स कॉर्नरच्या पुलाची रचना करणारे अभियंते याच तिघांपैकी एक होते: शिरीष पटेल.

पूल बांधताना सोडवायचा प्रश्न असा होता, की चौकात एवढ्या गाड्या येतात, त्यांना न अडखळता कसे जाऊ द्यायचे? आराखड्यातला प्रश्न त्याच्या आधीचा होता. चिंचोळ्या, लांबट बेटाच्या दक्षिण टोकाला कचेऱ्या आणि उत्तरेला घरे, अशीच वाढ होऊ दिली तर रोज सकाळी लाखो माणसे एकाच दिशेला धावणार. मग ही वाढच वेगळ्या दिशेला नेता येईल का? पहिला प्रश्न आलेल्या गाड्यांचा होता, दुसरा त्या येतातच का याचा.

पुढे काय झाले ते सर्वांसमोर आहे. १९७० साली हे नवे शहर उभारण्यासाठी सिडको या सरकारी महामंडळाची स्थापना झाली, नवी मुंबई वसली, वाढली. पण मंत्रालय जागचे हलले नाही आणि नरिमन पॉइंटला समुद्रात भर घालून कचेऱ्यांचे मनोरे उभे राहिले. मानखुर्दहून वाशीला रेल्वे पोहोचायला १९९२ साल उजाडले. उड्डाणपुलांचे काम मात्र थांबले नाही. १९९० च्या दशकाच्या अखेरीस तर पन्नासेक पुलांची योजना एकदमच हाती घेतली गेली. सोपा प्रश्न आपण पुन्हा पुन्हा सोडवला आणि आधीचा प्रश्न अर्ध्यावर सोडला.

हे पुस्तक त्या आधीच्या प्रश्नाचे आहे. कोण, कुठून, कुठे, कधी, कशाने आणि का जातो, याला वाहतूक नियोजनात प्रवासाची मागणी म्हणतात. ती उद्या किती असेल हे सांगण्याला अंदाज म्हणतात आणि तिला वळण लावण्याला व्यवस्थापन. पाठ्यपुस्तकांत ही दोन वेगळी प्रकरणे असतात. माझे सांगणे एवढेच आहे, की ही दोन कामे वेगळी नाहीत. प्रवासाची मागणी आभाळातून पडत नाही. घरे, कचेऱ्या, भाडे, पार्किंग, बसचे वेळापत्रक यांविषयी आपणच घेतलेल्या निर्णयांतून ती घडते. म्हणून प्रत्येक अंदाजाच्या पोटात एक धोरण दडलेले असते, आणि ते उघड करून त्यावर बोलण्याचा हक्क रोज प्रवास करणाऱ्या प्रत्येकाला आहे.

मागणी कुठून येते

पर्यटन आणि वारी सोडली तर माणूस प्रवासासाठी प्रवास करत नाही. तो कामाला, शाळेला, दवाखान्यात, बाजारात जातो. घर कुठे आणि ही ठिकाणे कुठे, यावरून त्याची पायपीट ठरते. ही साधी गोष्ट नजरेआड झाली की काय होते, ते गिरणगावाने सोसले आहे.

गिरण्या चालू होत्या तेव्हा लालबाग, परळ, वरळीच्या चाळींतले कामगार भोंगा झाला की पायी पाळीवर जात. एवढ्या मोठ्या मनुष्यबळाच्या कामाच्या प्रवासाचा भार रेल्वेवर फारसा पडत नव्हता आणि रस्त्यावरही नाही. १९८२ च्या संपानंतर गिरण्या एकामागून एक बंद पडत गेल्या. १९९१ च्या विकास नियंत्रण नियमावलीने त्यांच्या जमिनींच्या पुनर्विकासाची वाट उघडली, आणि पुढच्या दोन दशकांत तिथे कचेऱ्या, मॉल आणि उंच इमारती उभ्या राहिल्या. गिरणी कामगारांची अनेक कुटुंबे डोंबिवली, बदलापूर, विरारकडे सरकली. जिथे लोक चालत कामाला जात, तिथे आता लोक तीस-चाळीस किलोमीटरवरून लोकलने येऊ लागले. जमीन तीच होती, वापर बदलला आणि प्रवासाचा सगळा नकाशाच बदलला. स्टेशनांचे जिने आणि पादचारी पूल मात्र जुन्याच मापाचे राहिले.

२९ सप्टेंबर २०१७ च्या सकाळी याच भागातल्या एल्फिन्स्टन रोड स्टेशनच्या पुलावर चेंगराचेंगरी झाली आणि २३ माणसांचा जीव गेला. पाऊस होता, लोक आडोशाला थांबले होते, मागून गाड्या रिकाम्या होत होत्या. ही त्या सकाळची कारणे. त्यामागचे कारण वीस वर्षांचे होते. वर इमारतींचे मजले चढत गेले, पण त्या मजल्यांवर कामाला येणारी माणसे कुठून उतरतील आणि कोणत्या जिन्याने बाहेर पडतील, या हिशेबाने स्टेशन रुंदावले नाही. प्रवासाच्या मागणीचा अंदाज हा विषय किती जिवाशी आहे, हे समजून घ्यायला याहून वेगळा दाखला लागू नये.

अंदाज कसा बांधतात

या कामाला शास्त्राचे रूप अमेरिकेत १९५० च्या दशकात आले. आधी डेट्रॉइट आणि मग शिकागो या शहरांत जे. डग्लस कॅरॉल यांच्या नेतृत्वाखाली मोठे अभ्यास झाले. त्यांतून जी रीत घडली तिला चार पायऱ्यांची पद्धत म्हणतात, आणि आजही जगभरातल्या बहुतेक प्रकल्प अहवालांच्या मुळाशी तीच असते.

आधी शहराचे लहान लहान विभाग पाडतात. निवडक घरांत जाऊन विचारतात, की काल घरातले कोण कुठे गेले, किती वाजता, कशाने आणि कशासाठी. मग पहिली पायरी येते: प्रत्येक विभागातून रोज किती फेऱ्या निघतात आणि प्रत्येक विभागात किती येऊन पोहोचतात. डोंबिवलीत घरे वाढली की निघणाऱ्या फेऱ्या वाढतात. परळमध्ये कचेऱ्या वाढल्या की पोहोचणाऱ्या वाढतात. दुसऱ्या पायरीला या टोकांची जोडणी होते: डोंबिवलीतून निघालेल्यांपैकी ठाण्याला किती, परळला किती, तळोजाला किती. ठिकाण जितके मोठे आणि जवळ, तितकी त्याची ओढ जास्त, असे इथे धरतात. तिसरी पायरी साधनाची. लोकल, बस, दुचाकी, मोटार की पायी? वेळ, खर्च आणि गाडी बदलण्याचा त्रास तोलून माणूस निवड करतो, असे मानून गणित मांडतात. चौथ्या पायरीला या फेऱ्या प्रत्यक्ष रस्त्यांवर आणि रेल्वेमार्गांवर पसरतात. शेवटी एक आकडा हाती येतो: अमुक साली, अमुक ठिकाणी, गर्दीच्या तासाला इतकी वाहने किंवा इतके प्रवासी.

रीत चांगली आहे आणि तिला पर्याय शोधणे सोपे नाही. पण ती कशासाठी जन्मली हे ध्यानात ठेवावे लागते. त्या काळच्या अमेरिकी शहरांपुढचा मुख्य प्रश्न होता, की महामार्ग कुठे आणि किती पदरी बांधायचा. मोटारी वाढत जाणार, हे गृहीत होते. हीच विचारसरणी १९६० च्या दशकाच्या सुरुवातीला विल्बर स्मिथ या अमेरिकी सल्लागार संस्थेच्या अभ्यासातून मुंबईत आली. त्यांच्या आराखड्यात किनाऱ्यालगतचे वेगवान मार्ग होते आणि बंदर ओलांडून जाणारा पूलही. शिवडी आणि न्हावाशेवा जोडणारा २१.८ किलोमीटरचा अटल सेतू जानेवारी २०२४ मध्ये खुला झाला, तेव्हा त्या कल्पनेला साठ वर्षे होऊन गेली होती. एका काळाची गृहीतके नकाशांवर किती चिवटपणे टिकतात, हे यातून दिसते. याच साठ वर्षांत शहराची गरज किती बदलली, हा वेगळा हिशेब. २००८ साली पूर्ण झालेल्या मुंबई महानगर प्रदेशाच्या सर्वंकष वाहतूक अभ्यासात दिसले, की सगळ्या फेऱ्यांपैकी निम्म्याच्या आसपास फेऱ्या लोक चालत करतात, आणि वाहनाने होणाऱ्या फेऱ्यांतल्या तीनचतुर्थांशांहून अधिक लोकल आणि बसने होतात. मोटारींसाठी आखलेली रीत चालणाऱ्यांच्या आणि लटकणाऱ्यांच्या शहराला लावताना तिच्यात काय बदलायला हवे, हा प्रश्न आजही पुरता सुटलेला नाही.

अंदाज कुठे फसतात

पहिला फसवा भाग असा, की रस्ता मागणी भागवतो तशी तो मागणी निर्माणही करतो. गर्दीच्या वेळी मोकळा झालेला रस्ता तीन प्रकारच्या लोकांना बोलावतो: दुसऱ्या रस्त्याने जाणारे, दुसऱ्या वेळी जाणारे आणि बसने किंवा रेल्वेने जाणारे. अँथनी डाऊन्स यांनी १९६२ सालीच हे मांडले होते. २०११ साली जिल्स ड्युरँटन आणि मॅथ्यू टर्नर या अर्थशास्त्रज्ञांनी अमेरिकी शहरांची आकडेवारी तपासून दाखवले, की आंतरराज्य महामार्गांची लांबी-रुंदी ज्या प्रमाणात वाढते, जवळपास त्याच प्रमाणात त्यांवरचा वाहनप्रवासही वाढतो. रस्ता रुंद केला, वर्ष-दोन वर्षे बरी गेली आणि पुन्हा तीच कोंडी, हा अनुभव पुणे, ठाणे, नाशिककरांना सांगायला नको. अंदाजात ही वाढ धरली नसेल तर वाचलेल्या वेळेचा सगळा हिशेब फुगलेला असतो.

पुण्याच्या विद्यापीठ चौकाची गोष्ट याच्याच जवळची आहे. कोंडी सोडवायला तिथे बांधलेला उड्डाणपूल २०२० साली पाडावा लागला, कारण शिवाजीनगर ते हिंजवडी मेट्रोला त्या जागी वाट हवी होती. पूल बांधून पुरती पंधरा वर्षेही झाली नव्हती. पुलाचे सिमेंट कच्चे नव्हते. कच्चा होता तो दृष्टीचा पल्ला. हिंजवडीत एवढे मोठे आयटी पार्क उभे राहत असताना, तिथे जाणारी माणसे पुढे कशाने जातील, हा विचार चौकातल्या गाड्या मोजून होत नाही.

दुसरा फसवा भाग इच्छेचा. प्रकल्प व्हावा असे ज्यांना वाटते, तेच बहुधा अंदाज करवून घेतात. बेंट फ्लाइबियर्ग आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १४ देशांतल्या २१० प्रकल्पांचे अंदाज आणि नंतरची प्रत्यक्ष वाहतूक पडताळून २००५ साली निष्कर्ष प्रसिद्ध केले. रेल्वे प्रकल्पांत प्रत्यक्ष प्रवासी अंदाजापेक्षा सरासरी ५१ टक्क्यांनी कमी निघाले. रस्त्यांपैकी निम्म्या प्रकल्पांत अंदाज आणि वास्तव यांत २० टक्क्यांहून अधिक तफावत होती. प्रामाणिक चूक दोन्ही बाजूंना सारखीच पडायला हवी. रेल्वेत ती जवळपास नेहमी एकाच बाजूला पडत होती. मुंबईतली चेंबूर-वडाळा मोनोरेल २०१४ साली सुरू झाली आणि पुढे सात रस्त्यापर्यंत गेली, पण तिच्या गाड्या कधीच अपेक्षेइतक्या भरल्या नाहीत. त्याच वर्षी सुरू झालेली वर्सोवा-अंधेरी-घाटकोपर मेट्रो मात्र पहिल्यापासून गजबजली, कारण ती दोन गजबजलेल्या रेल्वेमार्गांना आडवी जोडते. माणसे जिथून जिथे खरेच जातात, ती वाट धरली की गाडी भरते.

अंदाज नेमका येऊ शकतो, याचाही दाखला आहे. सॅन फ्रान्सिस्को परिसरातली बार्ट ही रेल्वे १९७२ साली सुरू झाली. कामावर जाणाऱ्यांपैकी १५ टक्के लोक तिने जातील, असे अधिकृत भाकीत होते. डॅनियल मॅकफॅडन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी प्रत्यक्ष माणसांच्या निवडींचा अभ्यास करून ६.३ टक्के हा आकडा काढला. प्रत्यक्षात ६.२ टक्के लोकांनी बार्ट निवडली. मॅकफॅडन यांना निवडीच्या या सिद्धान्तासाठी २००० साली अर्थशास्त्राचे नोबेल मिळाले. त्यांनी माणूस काय तोलतो ते बारकाईने पाहिले होते. अशाच अभ्यासांतून पुढे वारंवार दिसले, की थांब्यावर ताटकळण्यातला वेळ माणसाला गाडीत बसलेल्या वेळेच्या साधारण दुपटीने जड वाटतो. बसची संख्या वाढवून थांब्यावरची वाट पाहणे कमी करणे हे पुलाइतकेच खरे वाहतूक सुधारणेचे काम आहे, असे या एका निरीक्षणातून निघते.

न मोजलेली माणसे

रस्त्याच्या कडेला बसून वाहने मोजण्याचे काम आपण सर्वांनी पाहिले आहे. ही वाहने मोजून झाली की त्यांचे मोटारींच्या एककात रूपांतर करतात. मोटार एक, दुचाकी साधारण अर्धी, बस साधारण तीन. वाहन रस्त्याची किती जागा खाते, हे कळायला ते ठीक आहे. पण या हिशेबात साठ माणसांची बस ही एकेकच माणूस बसलेल्या तीन मोटारींच्या बरोबरीची होते, आणि चालणारा शून्य होतो. अशा आकड्यांवर आखलेल्या रस्त्यात पदपथ का आक्रसतो, याचे उत्तर त्या रकान्यांतच असते. २००६ च्या राष्ट्रीय नागरी वाहतूक धोरणाने रस्त्याची जागा वाटताना वाहनांऐवजी माणसे केंद्रस्थानी ठेवावीत असे सांगितले. मोजणीची रीत तिथपर्यंत पोहोचायला हवी.

सर्वेक्षणातही अशीच गळती असते. घरातला कर्ता पुरुष उत्तरे देतो. ‘कामाला गेलो, परत आलो’ ही त्याची फेरी नीट नोंदली जाते. पण मुलाला शाळेत सोडून, दोन सोसायट्यांत धुणीभांडी करून, येताना भाजी घेऊन, सासूबाईंची औषधे आणणाऱ्या बाईची फेरी एका रकान्यात बसत नाही. तिचे पाच तुकडे आहेत, त्यांतले चार पायी. २०११ च्या जनगणनेत कामाला जाण्याचे अंतर आणि साधन विचारले गेले, ही मोठी गोष्ट होती. पण शेतीबाहेरच्या कामासाठी होणाऱ्या प्रवासापुरतेच ते होते. प्रवासाच्या मागणीत आजारपण, शाळा आणि घरकाम यांचा वाटा केवढा, हे आपल्याला धड माहीत नाही. म्हणून त्यासाठी बसही धड आखली जात नाही.

आणि सर्वांत अदृश्य असतो तो न झालेला प्रवास. १७ मार्च २०२३ पासून एसटीत महिलांना अर्धे तिकीट लागू झाले आणि एसटीच्या थांब्यांवर, गाड्यांत बायकांची गर्दी डोळ्यांत भरण्याइतकी वाढली. या बायका आदल्या आठवड्यात कुठे होत्या? माहेरी जायचे होते, तालुक्याच्या दवाखान्यात जायचे होते, बाजाराला जायचे होते. परवडत नव्हते म्हणून राहून गेले होते. कोणत्याही मोजणीत त्या सापडल्या नसत्या, कारण मोजणी रस्त्यावर आलेल्यांची होते. दबलेली मागणी ही मागणीच असते. आजच्या प्रवाशांवरून उद्याचे प्रवासी ठरवणारा अंदाज आजच्या गैरसोयीलाच उद्याचा नियम बनवतो.

आकडेशास्त्राबाहेरही या विषयाचे जाणकार आहेत, हे इथे नोंदवले पाहिजे. आषाढीला कोणत्या आगारातून पंढरपूरला किती जादा गाड्या सोडायच्या, गणपतीला कोकणासाठी गट आरक्षणाच्या किती गाड्या लागतील, परतीचा लोंढा कोणत्या दिवशी फुटेल, हे एसटीचे आगार व्यवस्थापक आणि वाहतूक नियंत्रक वर्षानुवर्षे बांधत आले आहेत. १ जून १९४८ रोजी पुणे-नगर मार्गावर पहिली गाडी धावली तेव्हापासून साठलेले हे ज्ञान आहे. नाशिकला २०२७ च्या सिंहस्थाची तयारी करताना संगणकाच्या प्रारूपांइतकेच या माणसांना विचारले पाहिजे.

मागणीला वळण

मागणी घडवता येते म्हटले की लोकांना वाटते, आपल्यावर बंधने येणार. प्रत्यक्षात मागणी रोजच घडवली जात असते. फक्त तसे सांगून घडवली जात नाही. हाती असलेली साधने चार आहेत: दर, वेळ, जागा आणि ठिकाण.

दराने सुरुवात करू. २ जून १९७५ पासून सिंगापूरने सकाळच्या वेळी शहराच्या मध्यभागी मोटार नेण्यासाठी परवाना शुल्क लावले, आणि त्या वेळेत तिथे शिरणाऱ्या मोटारी निम्म्याहून अधिक घटल्या. लंडनने १७ फेब्रुवारी २००३ रोजी मध्यवर्ती भागासाठी पाच पौंडांचे शुल्क लावले आणि त्याबरोबर बसगाड्या वाढवल्या. स्टॉकहोमचा मार्ग सर्वांत शिकण्याजोगा आहे. तिथे २००६ साली सात महिने शुल्काचा प्रयोग झाला. हद्द ओलांडणारी वाहतूक सुमारे २० टक्क्यांनी कमी झाली. प्रयोगाआधी बहुसंख्य लोक विरोधात होते. मोकळे रस्ते स्वतः अनुभवल्यावर सप्टेंबरमधल्या सार्वमतात शहराने बाजूने कौल दिला आणि २००७ पासून ते शुल्क कायम झाले.

आपल्याकडे असे शुल्क आज लावले तर ते अन्यायाचे होईल, असे माझे स्पष्ट मत आहे. बस वीस-वीस मिनिटे येत नाही म्हणून कर्ज काढून दुचाकी घेतलेल्या माणसाला दुचाकी वापरल्याबद्दल दंड करणे म्हणजे वाहतूक धोरण नव्हे. आधी बस, मग बंधन, हाच क्रम हवा. पण दराची ताकद आपणही पाहिली आहे. मे २०२२ मध्ये वातानुकूलित लोकलचे एकेरी तिकीट निम्म्यापर्यंत उतरले आणि ओस धावणाऱ्या त्या गाड्या भरू लागल्या. जुलै २०१९ मध्ये बेस्टचे किमान भाडे आठ रुपयांवरून पाच रुपयांवर आले तेव्हाही बसचे प्रवासी वाढले होते. मे २०२५ मध्ये तेच भाडे दहा रुपये झाले. भाडेवाढीचा ठराव नेहमी तोट्याच्या ताळेबंदात मांडला जातो. तो खरे तर मागणीच्या व्यवस्थापनाचा ठराव असतो: बसमधून किती माणसे रिक्षाकडे, दुचाकीकडे किंवा पायी ढकलायची, याचा निर्णय. म्हणून त्यावरची चर्चाही त्याच अंगाने व्हायला हवी.

दुसरे साधन वेळ. मुंबईची लोकल दिवसभर सारखी भरत नाही. सकाळ-संध्याकाळचे ठरावीक तासच जीवघेणे असतात. मध्य रेल्वेने नोव्हेंबर २०२३ पासून आपल्याच मुख्यालयाच्या कर्मचाऱ्यांना दोन वेगळ्या वेळा दिल्या आणि इतर आस्थापनांनाही तसे आवाहन केले. ९ जून २०२५ रोजी मुंब्र्याजवळ खचाखच भरलेल्या लोकलमधून प्रवासी पडून मेले, तेव्हा कचेऱ्यांच्या वेळांचा विषय पुन्हा विधिमंडळात आला. एक पूल बांधायला जितकी वर्षे लागतात, त्याच्या कितीतरी कमी काळात कचेऱ्यांच्या वेळा बदलता येतात. त्यासाठी लागतो तो मोठ्या आस्थापनांचा होकार, आणि पाळणाघरे, शाळा, शेवटच्या बस यांच्या वेळा त्याबरोबर हलवण्याची तयारी.

तिसरे साधन जागा. रस्त्यावर फुकट उभी राहणारी मोटार शहराच्या सर्वांत महाग जमिनीचा तुकडा दिवसभर बिनभाड्याने वापरते. पुण्याने २०१८ साली पार्किंगचे धोरण मंजूर केले, पण विरोधापुढे ते मोजक्या रस्त्यांपुरते आक्रसले आणि तिथेही अडले. विरोध करणाऱ्यांना सोबतच बसचा स्वतंत्र मार्ग आणि चालता येईल असा पदपथ मिळाला असता, तर चर्चेचा सूर वेगळा लागला असता.

चौथे साधन ठिकाण, आणि तेच सर्वांत खोल आहे. घर आणि काम यांतले अंतर कमी करणे, मेट्रो स्थानकांभोवती सामान्यांना परवडणारी घरे राखणे, नवे व्यापारी केंद्र मंजूर करतानाच त्याचा प्रवास कसा होईल हे ठरवणे. दर आणि वेळ यांनी आजची गर्दी विरळ होते. पंचवीस वर्षांनंतरची गर्दी ठिकाणाच्या निर्णयाने ठरते.

या पुस्तकाविषयी

पुढची प्रकरणे याच क्रमाने लावली आहेत. पहिल्या भागात मोजणी आणि सर्वेक्षण, दुसऱ्यात अंदाजाची प्रारूपे, तिसऱ्यात त्यांची पडताळणी आणि चौथ्यात व्यवस्थापनाची साधने. गणित आवश्यक तिथे आले आहे, पण प्रत्येक सूत्रामागचा विचार आधी साध्या वाक्यांत मांडला आहे. अभियांत्रिकीचे विद्यार्थी आणि महापालिकांतले अभियंते हे पुस्तक वाचतीलच. माझ्या मनात त्यांच्याबरोबरीने नगरसेवक आहेत, पत्रकार आहेत, प्रवासी संघटनांचे कार्यकर्ते आहेत, आणि रुंदीकरणात ज्यांचे दुकान किंवा झाड जाते ते रहिवासी आहेत. आजवर हा विषय इंग्रजी अहवालांच्या शेवटच्या परिशिष्टांत राहिला. ज्यांच्या प्रवासाबद्दल ते अहवाल बोलतात त्यांच्या भाषेत तो यावा, हा या लेखनामागचा हेतू.

वाचकाने हे पुस्तक संपवल्यावर कोणत्याही प्रकल्प अहवालाला निदान पाच प्रश्न विचारावेत, अशी इच्छा आहे. हा आकडा वाहनांचा आहे की माणसांचा? चालणारे, सायकलवाले आणि बायका यात मोजल्या का? नवीन रस्त्यामुळे वाढणारी वाहतूक यात धरली का? बस दुप्पट केली, भाडे कमी केले किंवा कचेऱ्यांच्या वेळा बदलल्या, तर हाच आकडा किती होईल? आणि प्रकल्प सुरू झाल्यावर पाच वर्षांनी अंदाज खरा ठरला का, हे कोण तपासणार आणि कुठे जाहीर करणार?

यातला चौथा प्रश्न मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो. एकच आकडा छापणारा अहवाल भविष्य ठरून गेल्यासारखे बोलतो. ‘असे केले तर इतके, तसे केले तर तितके’ असे दोन-चार आकडे शेजारी मांडणारा अहवाल निवड लोकांपुढे ठेवतो. महानगरपालिकांनी आणि प्राधिकरणांनी आपल्या वाहतूक अभ्यासांची गृहीतके, सर्वेक्षणाची आकडेवारी आणि पर्यायी अंदाज मराठीत, निविदा निघण्याआधी, सर्वांसाठी खुले करावेत. तसे झाले तर प्रभागातल्या सभेत उड्डाणपूल हवा की नको एवढ्यावर भांडण थांबणार नाही. आपल्याला कसे शहर हवे आहे आणि त्यात कोणी किती लांब जायचे, यावर बोलणे सुरू होईल. नियोजनाची खरी सुरुवात त्या बोलण्यापासून होते. हे पुस्तक त्या सभेत हाताशी असावे, म्हणून लिहिले आहे.